एकशे एक्क्याऐंशी जिंकल्या, एक हरली

वस्ताद मंडळी आणि पुढं मांडी घालून बसलेल्या पोरांनो,

आज एका हरलेल्या कुस्तीबद्दल बोलायचंय. जिंकलेल्या कुस्त्यांचे फोटो तालमीच्या भिंतीवर लागतात, हरलेली कुस्ती मात्र पैलवानाच्या पोटात राहते. ती पोटात ठेवून एका माणसानं काय केलं, ते तुम्हाला कळावं असं मला मनापासून वाटतं.

डॅन गेबल. अमेरिकेतल्या आयोवा राज्यातलं वॉटर्लू हे त्याचं गाव. जन्म २५ ऑक्टोबर १९४८. त्याच्या जवळपास तीन महिने आधी, लंडन ऑलिंपिकमध्ये गोळेश्वरचे खाशाबा जाधव पहिल्यांदा मॅटवर उतरले होते आणि सहावे आले होते. खाशाबा तालमीच्या मातीतले, पण ते राजाराम कॉलेजचे विद्यार्थीही होते, हे आपण विसरतो. कॉलेजात शिकणारा पैलवान ही आपल्याकडं नवी गोष्ट नाही. आपण ती वाट पुढं रुंद केली नाही, एवढंच. अमेरिकेत ती हमरस्ता झाली. गावातल्या शाळेची कुस्ती, मग कॉलेजची, मग ऑलिंपिकमध्ये खेळतात ती फ्रीस्टाइल कुस्ती, आणि शेवटी ऑलिंपिक.

तिथली कॉलेजची कुस्ती ऑलिंपिकच्या कुस्तीपेक्षा वेगळी असते, आणि तुम्हाला ती पटकन कळेल. कारण तिचा जीव कब्ज्यात, म्हणजे समोरच्याला खाली घेऊन वरून धरून ठेवण्यात आहे. आपल्याकडं कब्जा घेतला, घुटना ठेवला, की वरचा पैलवान जोडीदाराला खाली रगडतो आणि घिस्सा, एकलंगी असले डाव बघतो. त्यांच्याकडंही खाली घेतल्यावर पंच लगेच उठवत नाही. एकूण कब्ज्यात तुम्ही समोरच्यापेक्षा मिनिटभर पुढं असलात तर त्याचा एक गुण वेगळा मिळतो. खालचा सुटून उभा राहिला तर त्याला एक गुण, खालून उलटून वर आला तर दोन. फ्रीस्टाइलमध्ये तसं नाही. तिथं पाठ मॅटकडं वळली की क्षणात गुण जातो, आणि खाली धरून काही होत नसेल तर पंच दोघांनाही उभं करतो. म्हणून कॉलेजचा पैलवान समोरच्याचा कस काढण्यात पक्का असतो, पण फ्रीस्टाइलला जाताना त्याला पाठ सांभाळायला नव्यानं शिकावं लागतं. मातीवरून मॅटवर गेलेल्यांनो, ही अडचण तुम्ही अंगावर घेतलेली आहे.

गेबल शाळेत ६४ कुस्त्या लढला आणि एकही हरला नाही. पण त्या वर्षांत त्याच्या घरावर फार मोठा घाव बसला. १९६४ साली, तो पंधरा वर्षांचा असताना, थोरल्या बहिणीचा, डायानचा, राहत्या घरात खून झाला. आईवडील तेव्हा बाहेरगावी मासेमारीला गेले होते. नंतर ते घर सोडायच्या विचारात होते, तेव्हा या पोरानं आपलं अंथरूण बहिणीच्या खोलीत हलवलं. घर राहिलं. त्याच्या मेहनतीबद्दल लोक भरभरून बोलतात, पण मला त्याची खरी ताकद त्या खोलीत झोपायला जाण्यात दिसते.

पुढं तो आयोवा स्टेट विद्यापीठात हॅरल्ड निकल्स यांच्या हाताखाली गेला. १९६८ आणि १९६९ ला कॉलेजचा राष्ट्रीय विजेता झाला. १९७० ची स्पर्धा शिकागोजवळ इव्हॅन्स्टनला होती. १४२ पौंडांचा, म्हणजे साधारण ६४ किलोंचा गट. शाळा आणि कॉलेज मिळून १८१ कुस्त्या जिंकलेल्या, हरलेली एकही नाही. आणि कॉलेजची ही शेवटची कुस्ती.

समोर वॉशिंग्टन विद्यापीठाचा लॅरी ओविंग्ज. १९६८ मध्ये ऑलिंपिकच्या निवड चाचणीत गेबलनं त्याला सहज हरवलं होतं. हा गडी वरच्या वजनात खेळू शकत होता, तरी मुद्दाम वजन उतरवून आला. का? तर गेबलला गाठायला. आणि गेबल? अंतिम कुस्तीआधी टीव्हीवाल्यांच्या कॅमेऱ्यासमोर उभं राहून स्वतःच्याच अजिंक्यपणाची वाक्यं म्हणत होता. त्यात मन कुस्तीवरून उडालं, हे त्यानं पुढं स्वतः कबूल केलंय. शेवटच्या अर्ध्या मिनिटापर्यंत तो एका गुणानं पुढं होता. ओविंग्जनं त्याला खाली घेतलं, पाठ मॅटकडं वळवली आणि एका झटक्यात चार गुण नेले. १३-११.

पोरांनो, इथं जरा थांबा. आपल्याकडं अशा वेळी काय होतं, ते मी पाहिलंय. हरलेला पैलवान गर्दी टाळून मागच्या बाजूनं निघून जातो, आणि त्याला उद्या पहाटे पुन्हा जोर मारायला बोलवायला कुणी जात नाही. मैदान जिंकलेल्याला खांद्यावर घेतं. हरलेल्याचा वस्ताद कुठं असतो?

गेबल परतला आणि ज्या चुकांनी तो हरला होता त्या शोधून एकेक करून मोडल्या. १९७१ ला बल्गेरियात सोफियाला ६८ किलो वजनगटात जगज्जेता झाला. १९७२ च्या ऑलिंपिक निवडीत ओविंग्ज पुन्हा समोर आला, तेव्हा गेबलनं त्याला ७-१ असं हरवलं. मग म्यूनिक. गुडघा आधीच दुखावलेला. पहिल्याच कुस्तीत डोक्याची टक्कर बसून डोळ्याच्या वर फाटलं, टाके घालावे लागले. तरी सहाही कुस्त्या जिंकल्या. जपानचा किकुओ वादा, सोव्हिएत संघाचा रुस्लान आशुरालियेव, कुणालाच त्याच्यावर एकही गुण घेता आला नाही. सहा कुस्त्या आणि शून्य गुण! कब्ज्याच्या कुस्तीत वाढलेल्या पैलवानानं पाठ किती सांभाळली असेल, ते बघा.

ओविंग्ज पुढं दोनदा कॉलेजच्या अंतिम फेरीत पोचला, पण राष्ट्रीय विजेतेपद त्याला परत मिळालं नाही. त्याच्याबद्दलही मला आदर आहे. ठरवून, वजन उतरवून, सगळ्यांत अवघड माणसासमोर जाऊन उभं राहणं याला छाती लागते.

गेबलचं मोठं काम मात्र पुढचं आहे. १९७६ पासून तो आयोवा विद्यापीठाचा मुख्य प्रशिक्षक झाला. २१ हंगामांत संघाला १५ राष्ट्रीय विजेतेपदं मिळाली, त्यांतली नऊ सलग, १९७८ ते १९८६. दहाव्यासाठी पोरांच्या पोशाखावर रोमन दहाचा आकडा घातला होता. १९८७ ला ते हुकलं, आणि जिंकलं कोण, तर त्याचंच जुनं कॉलेज, आयोवा स्टेट. त्यानंतर विजेतेपद परत यायला १९९१ उजाडलं. या मधल्या वर्षांत पुन्हा तेच, हरलेली पोरं आणि त्यांच्याबरोबर रोज मॅटवर वाकलेला वस्ताद.

त्याचा शेवटचा हंगाम १९९७ चा. खुब्याचं ऑपरेशन झालेलं, चालायला कुबड्या. राष्ट्रीय स्पर्धा सीडर फॉल्सला होती, वॉटर्लूला अगदी लागून असलेलं गाव. त्याच्या पोरांनी त्या स्पर्धेत १७० गुण केले, तोवर कुठल्याही संघानं केले नव्हते इतके. आणि तो मॅटच्या कोपऱ्यात कुबड्या बाजूला ठेवून बसला होता. बहिणीच्या खोलीत अंथरूण हलवलेलं ते घर तिथून काही मैलांवर होतं.