दोन शेवटांची गोष्ट

ही गिझेला. ती मुकी आहे. मूकपटात तसा आवाज कुणालाच नसतो, ओठ मात्र सगळ्यांचे हलतात. हिचे हलत नाहीत. ती बोलते हातांनी, डोळ्यांनी आणि नाचातून. ही भूमिका केलीय वेरा कराल्ली हिनं, मॉस्कोच्या बोल्शोई थिएटरची खरीखुरी बॅले नर्तकी.

चित्रपट आहे ‘मरणारा हंस’, साल १९१७, दिग्दर्शक येवगेनी बाउएर.

प्रियकरानं दगा दिल्यावर गिझेला रंगमंचावर मरणाऱ्या हंसाचा नाच करते. समोर बसलाय चित्रकार ग्लिन्स्की. मृत्यू रंगवण्याच्या ध्यासानं झपाटलेला. स्टुडिओत सांगाडा आणून ठेवलाय, तरी चित्र काही जमत नाही. हिचा नाच पाहतो आणि त्याला वाटतं, सापडला! ती त्याच्यासमोर बसू लागते. मधल्या काळात प्रियकर परत येतो, माफी मागतो, आणि ती माफ करते.

आता शेवटची बैठक. तिचे डोळे बघा. कालपर्यंतचं दुःख कुठल्या कुठे गेलंय, नजरेत नुसता आनंद. ग्लिन्स्कीच्या हातातला ब्रश थबकतो. त्याला हवी असलेली गिझेला आता उरलेलीच नाही. तो उठतो आणि तिचा गळा आवळतो. मग तिला पुन्हा तशीच बसवून चित्र पुरं करायला घेतो.

हा प्रसंग मी कितीदा तरी पाहिलाय, दर वेळी पोटात कालवतं. तिचा गुन्हा एवढाच, की ती सुखी झाली.

रशियातल्या प्रेक्षकांनाही तेव्हा दुःखान्तच आवडायचा. काही निर्माते तर एकाच चित्रपटाचे दोन शेवट चित्रित करत. परदेशात जाणाऱ्या प्रतीत सगळं सुफळ संपूर्ण, घरच्या प्रतीत मरण.

बाउएर मूळचा नेपथ्यकार. खांब, पडदे, फुलं, खोलवर जाणारी दालनं, आणि त्यात एकटं पडलेलं माणूस. ही चौकट त्याची. त्याच वर्षी क्रिमियात पडून त्याचा पाय मोडला. तरी तो काम करत राहिला. पुढे न्यूमोनिया झाला, आणि जूनमध्ये तो गेला.

नंतर क्रांती झाली. नव्या राजवटीला हे प्रेम, हे झुरणं नकोसं होतं. चित्रपट कपाटात गेले, कित्येक हरवले. १९८९ साली इटलीत, पोर्देनोने गावच्या मूकपट महोत्सवात, क्रांतीआधीचे रशियन चित्रपट जगानं नव्यानं पाहिले.

गिझेला पुन्हा बैठकीला आली. डोळ्यांत तोच आनंद घेऊन.