टिळकांचे काका बॅप्टिस्टा

श्रोतेहो, नमस्कार.

हार्बर लाइनवर डॉकयार्ड रोड स्टेशनाला लागून एक टेकडी आहे. वर पाण्याची जुनी टाकी, टाकीवर बाग. गोदीतली जहाजं तिथून दिसतात. या बागेला नाव आहे जोसेफ बॅप्टिस्टा यांचं. संध्याकाळी तिथं फिरणाऱ्यांना मी कधी कधी विचारतो, हे कोण होते? बहुतेक जण मान हलवतात. त्याचं मला खरंच वाईट वाटतं, कारण लोकमान्य टिळकांच्या कामात या माणसाचा वाटा फार मोठा आहे.

बॅप्टिस्टांचा जन्म 1864 सालचा, त्याच टेकडीजवळच्या मातारपाखाडीतला. घराणं ईस्ट इंडियन, म्हणजे मुंबई-साष्टीचे मूळचे ख्रिस्ती. पोर्तुगीज आले, धर्म बदलला, पण घरातली बोली मराठीच राहिली. पुण्याच्या इंजिनियरिंग कॉलेजात शिकून त्यांनी सिंधमध्ये वनखात्यात नोकरी धरली. सरकारी नोकरी, बांधलेला पगार. ती सोडून ते केंब्रिजला गेले आणि 1899 साली बॅरिस्टर झाले. तेव्हा आयर्लंडची माणसं होमरूल, म्हणजे स्वतःचा कारभार स्वतःच्या हाती, मागत होती. ती मागणी बॅप्टिस्टांच्या मनात घर करून राहिली.

मुंबईला परतल्यावर वकिली, लॉ कॉलेजात शिकवणं आणि म्युनिसिपालिटी असं सगळं एकदमच चाललं. पण ज्या खटल्यांना हात लावायला भलेभले कचरत, तिथं हे उभे राहिले. 1908 साली टिळकांवर राजद्रोहाचा खटला झाला. कोर्टात बोलले स्वतः टिळक, आणि त्यांना साथ देणाऱ्या वकिलांत बॅप्टिस्टा होते. पुढं सावरकरांवर खटला चालला, तेव्हाही बचावाला हेच. सरकारची वक्रदृष्टी म्हणजे वकिलाच्या पोटावर पाय, हे लक्षात घ्या.

आता 1916 सालच्या बेळगावला येऊ. टिळक मंडालेहून सुटून दोन वर्षं होत होती. होमरूल संघ काढायचा ठरलं. टिळक स्वतः अध्यक्ष झाले नाहीत. त्यांचं नाव पाहून मवाळ बिचकले असते, आणि सरकार तर टपूनच होतं. 28 एप्रिलला संघ स्थापन झाला. अध्यक्ष जोसेफ बॅप्टिस्टा, चिटणीस न. चिं. केळकर. संघाचा उद्देश असा, की साम्राज्यात राहून, सनदशीर मार्गांनी स्वराज्य मिळवायचं. आज हे शब्द मिळमिळीत वाटतील. पण ‘सनदशीर’ या एका शब्दाआड शेकडो साध्या माणसांना उभं राहता येत होतं. खेड्यातला शिक्षक, तालुक्याचा वकील, दुकानदार, यांना वर्गणी देऊन सभासद होता येत होतं. त्याच वर्षी सरकारनं टिळकांच्या भाषणांवरून वीस हजारांचा जातमुचलका, म्हणजे चांगल्या वागणुकीची लेखी हमी, मागितला. हायकोर्टानं नोव्हेंबरात तो हुकूम रद्द केला. स्वराज्य मागणं म्हणजे राजद्रोह नव्हे, हा दिलासा त्या निकालानं संघाला मिळाला.

‘स्वराज्य हा माझा जन्मसिद्ध हक्क’ ही घोषणा बॅप्टिस्टांनीच सुचवली, असं ईस्ट इंडियन समाजात अभिमानानं सांगतात. मला त्या वादापेक्षा बेळगावची ती खुर्ची मोलाची वाटते. चित्पावन टिळकांनी ख्रिस्ती मित्राला पुढं केलं, आणि मित्रानं ती जोखीम घेतली. सगळे त्यांना काका म्हणू लागले.

पुढं ते संघाच्या वतीनं इंग्लंडला जाऊन मजूर पक्षाच्या पुढाऱ्यांना भेटले. इकडे टपालवाल्यांची संघटना त्यांनी सांभाळली. 1920 साली मुंबईत आयटक ही देशभरातल्या कामगार संघटनांची मध्यवर्ती संस्था जन्माला आली. अध्यक्ष लाला लजपतराय होते आणि काका उपाध्यक्ष. टिळक तीन महिन्यांपूर्वीच गेले होते. गांधीजींचा असहकार काकांना पटला नाही. कौन्सिलात, म्हणजे कायदेमंडळात, जाऊन भांडावं, या मताचे ते. हा मतभेद त्यांनी उघडपणे मांडला, आणि नव्या लाटेत ते मागं पडले. त्यांचा विसर पडायला तिथूनच सुरुवात झाली असावी.

1925 साली ते मुंबई म्युनिसिपालिटीचे अध्यक्ष झाले. आज ज्याला आपण महापौर म्हणतो, तेच पद. 1930 च्या सप्टेंबरात ते वारले.

मातारपाखाडी अजून आहे. लाकडी जिने, उतरती कौलं, गल्लीच्या तोंडाशी क्रूस. डॉकयार्ड रोडला उतरलात तर आधी तिथं जा, मग टेकडी चढा. बागेच्या दारावरचं नाव मुलांना मोठ्यानं वाचून दाखवा, आणि बेळगावच्या खुर्चीची गोष्ट सांगा.

नमस्कार.