बिनटाका, पण तीन महिने थांबा

मंडळी, पुरुष नसबंदीचा विषय निघाला की सभागृहातले पुरुष मोबाइलमध्ये डोकं घालतात. म्हणून तुमच्या मनातला प्रश्न मीच आधी विचारतो. ताकद जाते का? नाही जात.

वृषणांची कामं दोन, शुक्राणू बनवणं आणि टेस्टोस्टेरॉन हे पुरुषी संप्रेरक बनवणं. शुक्राणू शुक्रवाहिनीतून पुढे जातात, टेस्टोस्टेरॉन थेट रक्तात मिसळतं. आपण अडवतो ती फक्त शुक्रवाहिनी. त्यामुळे दाढी, आवाज, इच्छा, ताठरता सगळं जागच्या जागी राहतं. वीर्यही येतं, कारण त्याचा बहुतेक भाग वीर्यकोश आणि प्रोस्टेट या ग्रंथींतून येतो. शुक्राणूंचा वाटा इतका थोडा की तो वजा झालेला ना नवऱ्याला कळतो ना बायकोला. आत तयार होत राहणारे शुक्राणू शरीर जिरवून टाकतं.

शस्त्रक्रियेची आजची पद्धत चीनमधली. ली शुनचियांग या डॉक्टरांनी १९७४ मध्ये सिचुआन प्रांतात ती बसवली. आपल्याकडे तिला बिनटाका नसबंदी म्हणतात. डॉक्टर बोटांनी अंडकोशाच्या त्वचेखाली नळी चाचपतात. ती सुतळीसारखी टणक लागते. तिथे भुलीचं इंजेक्शन देतात. काय टोचायचं ते तेवढंच टोचतं. मग गोल तोंडाच्या चिमट्याने नळी धरायची, टोकदार चिमट्याने त्वचेला बारीक भोक पाडून ते फाकवायचं, नळीचा वेढा बाहेर काढायचा, तुकडा कापून टोकं बांधायची. त्याच भोकातून दुसरी बाजू. पंधरा-वीस मिनिटांचा मामला. टाका नाही, पोट उघडणं नाही. माणूस त्याच दिवशी घरी जातो. दोन दिवस आराम, घट्ट लंगोट, आठवडाभर सायकल आणि ओझं बंद. थोडी सूज, निळसर डाग चालतात. ताप आला, सूज वाढत गेली किंवा पू आला तर लगेच दाखवायचं. मोजक्या लोकांचं दुखणं बरेच महिने रेंगाळतं, हेही आधीच सांगितलेलं बरं.

आता ज्याच्यासाठी मी खरं तर आलोय ते. नळी कापली त्या दिवशी काहीही बंद झालेलं नसतं. कापलेल्या जागेच्या पुढे शुक्राणूंचा साठा शिल्लक असतो आणि तो रिकामा व्हायला वेळ लागतो. म्हणून तीन महिने निरोध किंवा दुसरं साधन वापरायचं आणि त्यानंतर वीर्याची तपासणी करायची. ‘शुक्राणू नाहीत’ असा रिपोर्ट हातात पडला की मगच मोकळं.

हे कुणी नीट सांगत नाही आणि सांगितलं तरी माणूस ऐकत नाही. माझ्याकडे एक गृहस्थ आले होते, सोबत बायको, मागे सासू. नसबंदीनंतर दुसऱ्याच महिन्यात दिवस गेलेले. तिघांपैकी कुणी काही बोलत नव्हतं, पण संशय कुणावर होता हे त्या बाईच्या खाली घातलेल्या मानेवरून दिसत होतं. मी नमुना तपासायला लावला. सूक्ष्मदर्शकाखाली शुक्राणू चांगले वळवळत होते. गृहस्थांना बोलावून तेच त्यांच्या डोळ्यांनी बघायला लावलं. सासूबाईंनाही बघायचं होतं, मी बघू दिलं. एका तपासणीचा कंटाळा, आणि घर मोडायची वेळ. पुढे, रिपोर्ट स्वच्छ आल्यावरही नळी आपोआप जुळून दिवस जाण्याची शक्यता अगदीच शून्य नसते, साधारण दोन हजारांत एक. अशा वेळीही आधी नवऱ्याची तपासणी करा, मग काय ते बोला.

इतकी सोपी गोष्ट मागे का पडली? आणीबाणी. १९७६-७७ या एका वर्षात देशभर ८० लाखांहून जास्त नसबंद्या झाल्या आणि त्यातल्या ६० लाखांहून जास्त पुरुषांच्या. कोटा, धाकदपटशा, शिक्षकांचे अडवलेले पगार. आपल्या विधिमंडळाने तर तीन मुलांनंतर सक्तीचं विधेयकही मंजूर केलं होतं. राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही म्हणून वाचलो. त्यानंतर कुठल्याच सरकारने पुरुषांच्या वाटेला जायचं धाडस केलं नाही आणि सगळा भार बायकांवर टाकला. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत विवाहित जोडप्यांमध्ये स्त्री नसबंदी ३७.९ टक्के, पुरुष नसबंदी ०.३. बाईच्या शस्त्रक्रियेत पोटाच्या आत शिरावं लागतं, तरी ही तऱ्हा. ‘मी कमावता, मला काही झालं तर?’ असं म्हणणाऱ्याची बायकोही शेतात राबत असते, हे तो विसरतो.

शेवटी चिठ्ठ्यांमधले दोन प्रश्न. बायकोची सही लागते का? सरकारी नियमाप्रमाणे लागत नाही. पण दोघांनी मिळून ठरवलेलं केव्हाही चांगलं. नळी पुन्हा जोडता येते का? सूक्ष्मदर्शकाखाली जोडतात, पण खर्च मोठा, मूल होण्याची खात्री नाही आणि जितकी वर्षं उलटतील तितकी शक्यता कमी. तेव्हा ‘बघू, पुढे जोडून घेऊ’ असं डोक्यात असेल तर आज टेबलावर झोपू नका. निरोध वापरा. तसंही गुप्तरोगापासून नसबंदी वाचवत नाही, तिथे निरोधच लागतो.