टाच उचलायची नाही

श्रोतेहो, नमस्कार.

बेळगावच्या शिवजयंतीची चित्ररथ मिरवणूक तुमच्यापैकी कित्येकांनी रात्र जागून पाहिली असेल. ट्रॅक्टरची ट्रॉली, वर थर्माकोलचा गड, मागं जनरेटरची धडधड, आणि तेवढ्याशा जागेत पाच-सहा पोरं. आमच्या गल्लीचा सजीव देखावा मी बरीच वर्षं बसवतो. नट लक्षात का राहतो, हे मला त्या ट्रॉलीनं शिकवलं.

आमचे संवाद आधीच रेकॉर्ड केलेले असतात. आवाज स्पीकरमधून येतो, तोही बहुतेक वेळा दुसऱ्याच कुणाचा. नटाकडं उरतं त्याचं अंग, त्याची नजर आणि उभं राहण्याची रीत. शिवाय आपल्याकडं गर्दी मिसळलेली. कुणी मराठी, कुणी कन्नड, कुणी दोन्ही. शब्द सगळ्यांना पोचतीलच असं नाही.

लहानपणी मी गोकाककडं श्रीकृष्ण पारिजात पाहिलं होतं. कन्नड लोकनाट्य ते. मला तेव्हा कन्नड फारसं येत नव्हतं. तरी रुसलेली सत्यभामा मला आजही दिसते. ती आली, थांबली, मान वळवली आणि मग गायला लागली. ते थांबणं मला कळलं होतं. गाण्याचा एकही शब्द आठवत नाही.

एका वर्षी आम्ही पावनखिंड बसवली, 1660 सालचा प्रसंग. बाजीप्रभूंसाठी तालमीतला एक धिप्पाड गडी निवडला होता. छाती भरदार, मिशी पिळदार. पण प्रकाश पडला की त्याचा हात पागोट्याकडं जायचा, नजर पायाकडं. एवढं मोठं शरीर, आणि बघणाऱ्याला त्याची काळजी वाटायची! शेवटी मशाल धरणाऱ्या एका किडकिडीत पोराला मी पुढं बोलावलं. तो म्हणाला, "सर, पाय कापायलेत."

"कापू देत की," मी म्हटलं, "पण टाच उचलायची नाही."

त्याला मी अभिनय असा शिकवलाच नाही. दोन्ही पायांवर सारखा भार घ्यायचा. गुडघे ताठ आवळायचे नाहीत, नाहीतर अंग लाकडासारखं दिसतं. श्वास पोटापर्यंत जाऊ द्यायचा. नजर पहिल्या रांगेवर नको, समोरच्या माडीवर उभ्या असलेल्या शेवटच्या माणसावर ठेवायची. आणि तलवार उचलली की हात पुरा वर न्यायचा. अर्ध्यात सोडलेला हात लांबून भित्रा दिसतो. महिनाभर एवढंच केलं. भीती गेली नाही त्याची, मिरवणुकीच्या दिवशी जेवलासुद्धा नव्हता. पण भीतीला अंगात कुठं बसवायचं हे त्याला कळलं होतं. आत्मविश्वास म्हणतात तो मला तरी असाच दिसला आहे.

आपल्या मातीला हे नवीन नाही. मराठी संगीत नाटकाचा पाया घालणारे अण्णासाहेब किर्लोस्कर 1843 साली याच जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरला जन्मले. बेळगावाजवळच्या सुळेभावीत 1924 साली जन्मलेले कुमार गंधर्व तर मला या बाबतीत फार जवळचे वाटतात. ऐन उमेदीत क्षय झाला, काही वर्षं गाणं बंद, एक फुप्फुस जवळजवळ निकामी. लांब दमाच्या ताना पूर्वीसारख्या घेता येईनात. त्यांनी ते लपवलं नाही. छोट्या, तुटक, ठाशीव स्वरवाक्यांनी गाणं उभं केलं आणि मध्ये शांतता ठेवली. जे शरीर मिळालंय त्यावर पूर्ण विश्वास टाकून गाणारा माणूस ऐकायचा असेल, तर त्यांची निर्गुणी भजनं ऐका. भरदार छातीची गरज नसते, हे त्या किडकिडीत पोराकडं बघताना मला पुन्हा पटलं.

आता त्या रात्रीचं सांगतो. हुतात्मा चौकाजवळ आमचा जनरेटर बंद पडला. आवाज गेला, दिवे गेले. नेमकी तलवार वर होती. बाकीची पोरं गोंधळून माझ्याकडं बघायला लागली. हा हलला नाही. रस्त्यावरच्या मोबाईलच्या उजेडात फक्त त्याचा वर गेलेला हात आणि खांद्यावरचा रंगवलेला जखमेचा डाग दिसत होता. एक मिनिट झालं असेल, दोन झाली असतील. मनगट थरथरत होतं, टाच जमिनीवर होती. आधी आरडाओरडा करणारी गर्दी हळूहळू गप्प झाली. मागून कुणीतरी "हर हर" म्हणालं आणि "महादेव" अख्ख्या चौकानं म्हटलं. दिवे आले तेव्हा मी ट्रॉलीच्या कडेला रडत होतो.

पुढच्या वर्षी आमचा प्रसंग वेगळा होता, नट वेगळे होते. तो पोरगा नोकरीसाठी पुण्याला गेला होता. त्याच चौकात कन्नड बोलणारी एक आजी नातवाला कडेवर घेऊन ट्रॉलीजवळ आली. वर सगळीकडं नजर फिरवून मला विचारलं, "निंतिद्द हुडुगा एल्ली?"

उभा राहिलेला तो पोरगा कुठं आहे?