‘तसलं काही मनात नाही ना?’ असं विचारू नका

नमस्कार मंडळी. गडहिंग्लजपासून शिरोळपर्यंतचे डॉक्टर आणि सिस्टर कमेंटमध्ये एकच विचारताहेत: ओपीडीत एवढी गर्दी, त्यात आत्महत्येचं विचारायचं कधी आणि कसं?

स्क्रीनिंग भराभर सांगतो. पीएचक्यू-9, म्हणजे नैराश्याची नऊ प्रश्नांची प्रश्नावली, भरून घेत असाल तर बेरीज राहू दे, आधी मरणाच्या विचारांचा नववा प्रश्न बघा. तिथं शून्याच्या वर काही असेल तर पुढं विचारायचंच. एएसक्यू या आत्महत्येचा धोका ओळखायच्या छोट्या चाचणीत चार प्रश्न आहेत. गेल्या काही आठवड्यांत मरून जावंसं वाटलं का? आपण नसतो तर घरच्यांचं बरं झालं असतं असं वाटलं का? गेल्या आठवड्यात जीव द्यायचा विचार आला का? पूर्वी कधी प्रयत्न केलाय का? एकालाही ‘हो’ आलं किंवा उत्तर टाळलं, की पाचवा: आत्ता, या घडीला विचार आहे का? ‘हो’ म्हटलं तर पेशंटला क्षणभरही एकटं सोडायचं नाही. ‘नाही’ म्हटलं तरी सविस्तर तपासल्याशिवाय घरी नाही.

हे सगळ्यांना पाठ आहे. घोडं अडतं ते वाक्यात. ‘तसलं काही मनात नाही ना?’ त्या शेवटच्या ‘ना’नं उत्तर आपणच भरून दिलं. पेशंट मान हलवतो, आपण सुटलो. इंग्लंडमध्ये मानसोपचाराच्या ओपीडीतली संभाषणं तपासली, तर तिथंही बहुतेक प्रश्न असेच, नकार मागणारे. त्यापेक्षा म्हणा, ‘इतका त्रास असला की काही जणांच्या मनात जीव द्यायचे विचार येतात. तुमच्या येतात का?’ आणि गप्प बसा. पाच सेकंद. केसपेपरवर लिहीत बसू नका.

तोच ‘ना’ खोलीतही बसलेला असतो. सुनेला विचारलं की सासू बोलते, ‘तिला काय कमी हाय?’ मग सून काय सांगणार? ‘तपासायचंय, जरा बाहेर बसा’ एवढं पुरतं. नातेवाइकांशी नंतर वेगळं बोला.

आणि तोच ‘ना’ केसपेपरवर उतरतो: ‘सुसायडल आयडिएशन (जीव द्यायचे विचार) नाही.’ कुणी विचारलं, काय विचारलं, पत्ता नाही. असं लिहा: ‘एकटीला विचारलं. देवानं उचलावं असं रोज वाटतं. कसं, कधी ते ठरवलेलं नाही. पूर्वी प्रयत्न नाही. शेतातलं औषध घरात आहे.’

एक कमेंट कायम येते, ‘विचारलं तर नसलेलं डोक्यात भरेल.’ नाही भरत. अभ्यासांतून हे पुन्हा पुन्हा दिसलंय. दुसरी, ‘पोलीस केस होईल.’ विचार सांगितला म्हणून कसली केस? प्रयत्न केलेल्या माणसालाही 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याचं कलम 115 तीव्र ताणाखाली होता असंच धरतं. आत्महत्येच्या प्रयत्नाला गुन्हा ठरवणारं जुनं 309 कलम 1 जुलै 2024 पासूनच्या भारतीय न्याय संहितेत घेतलेलंच नाही. एमएलसी, म्हणजे दवाखान्यानं पोलिसांना कळवायची केस, ही नोंद आहे, पेशंटवरचा आरोप नव्हे.

‘हो’ आल्यावर खोदा: विचार किती वेळा, काय ठरवलंय, ते हाताशी आहे का, दारू, झोप, आणि आजवर कशानं थांबवलं. स्केलच्या मार्कांवरून कमी-मध्यम-जास्त असे शिक्के मारून भविष्य सांगू नका. उपचारांची मार्गदर्शक तत्त्वं ठरवणाऱ्या ब्रिटनच्या ‘नाइस’ संस्थेनं 2022 मध्ये हेच बजावलंय.

आणि ‘जीव देणार नाही’ अशी अंबाबाईची शपथ घालणं बंद करा हो! शपथेनं जीव वाचतो याला पुरावा नाही. उलट मोडली की पेशंट लाजून पुढच्या वेळी लपवतो. त्यापेक्षा पेशंटसोबत सेफ्टी प्लॅन, म्हणजे जीव सांभाळायचा आराखडा, लिहा: विचार सुरू झाल्याची खूण, स्वतः काय करायचं, कुठं जाऊन बसायचं, कुणाला हाक मारायची, कुठल्या दवाखान्यात जायचं, घरातून काय हलवायचं. शेतातलं औषध शक्यतो घराबाहेर, कुलपात. किल्ली कुणाकडे, त्याचं नावही लिहा. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 त्याच कागदावर. मोफत आहे, चोवीस तास, मराठीतही.

धोका आत्ताचा असेल तर चिठ्ठी देऊन एकट्याला कोल्हापूरच्या सीपीआर या सरकारी रुग्णालयाकडं जाणाऱ्या एसटीत बसवू नका. सोबत माणूस द्या, तिथं आधी फोन करा. घरी सोडलं तर दोन-तीन दिवसांत आपण फोन करायचा. नंबर पेशंटचा घ्या, नवऱ्याचा नको.