टँकर कुठं उभा होता?

नमस्कार मंडळी, आज गाणी जरा नंतर लावतो, आधी एका पिक्चरबद्दल बोलायचंय. आनंद पटवर्धनांचा माहितीपट 'जय भीम कॉम्रेड'. तीन तासांच्या वर आहे, पण बघाच.

11 जुलै 1997. घाटकोपरची रमाबाई आंबेडकर नगर वस्ती. सकाळी लोक उठून बघतात तर बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार. लोक हायवेवर उतरले, राज्य राखीव पोलीस दलानं गोळ्या झाडल्या, 10 माणसं गेली. पोलिसांचं म्हणणं काय, तर जमाव गॅसचा टँकर पेटवणार होता. मग टँकर नेमका कुठं होता आणि गोळ्या कुठं लागल्या, हे पटवर्धन वस्तीतल्या माणसांना विचारत बसतात. टँकर होता लांब, माणसं मेली वस्तीपाशी. चौकशी आयोगानंही गोळीबार समर्थनीय नव्हता असंच म्हटलं.

चार दिवसांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत शाहीर विलास घोगरेंनी स्वतःला संपवलं. डोक्याला निळं फडकं बांधून. हे आयुष्यभर डाव्या चळवळीत गायलेले, पटवर्धनांच्या 1985 च्या 'हमारा शहर'मध्येही गायलेत, म्हणजे दोघं जुने ओळखीचे. लाल झेंड्याखाली गाणाऱ्या माणसानं शेवटी निळं का बांधलं, तिथून हा पिक्चर सुरू होतो आणि पुढं 14 वर्षं शूटिंग चालतं. का एवढी? कोर्टाचं काय होतंय ते बघायचं होतं ना. 2009 ला जबाबदार अधिकाऱ्याला जन्मठेप झाली खरी, पण नंतर जामीनही मिळाला.

मधल्या काळात आठवण कुणी ठेवली तर गाणाऱ्यांनी. संभाजी भगत, कबीर कला मंचची पोरं, वस्तीतल्या बायका. आपल्याकडं दलित वस्तीचा इतिहास पुस्तकात कमी आणि गाण्यात जास्त, वामनदादा कर्डकांपासून तेच चालत आलंय.

एक कबुली देतो. पिक्चरमध्ये 6 डिसेंबरचा, म्हणजे बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाण दिनाचा सीन आहे, शिवाजी पार्कच्या आसपासचे लोक गर्दीबद्दल, घाणीबद्दल कुरकुर करतात. तिथं मी पिक्चर पॉज केला. गोळीबार बघताना केला नव्हता. कारण कॉलेजात असताना 6 डिसेंबरला दादर स्टेशनवर मीच मित्राला म्हणालेलो, अरे आज कशाला आलो इकडं. शेजारी एक म्हातारी उभी होती, पांढरं लुगडं, हातात पिशवी, तिनं ऐकलं आणि नुसतं बघितलं. तेव्हा काहीच वाटलं नव्हतं, खोटं कशाला बोलू.

2012 च्या जानेवारीत हा पिक्चर पहिल्यांदा दाखवला तो भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, उघड्यावर. मल्टिप्लेक्सपेक्षा मला ही जागाच बरोबर वाटते.

चला, आता वामनदादांचं एक गाणं लावतो.