तेरा क्रमांकाचा गोलरक्षक

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात ट्रॉन्डहाइम येथे झालेले हे भाषण संकेतस्थळासाठी किरकोळ संपादन करून देत आहोत.)

नमस्कार मंडळी.

समितीने मला विषयाची मोकळीक दिली होती. मी फुटबॉलच्या एका राखीव गोलरक्षकावर बोलणार आहे असे कळवल्यावर समितीतल्या दोघांनी एकमेकांकडे कसे पाहिले, हे मला दिसले आहे. त्यांचे काही चुकले नाही. मात्र मी कोल्हापूरचा आहे, आणि शाहू स्टेडियमवर तालमींचे सामने बघत वाढलेल्या माणसाला फुटबॉलवर बोलू नको म्हणणे म्हणजे त्याला तांबडा रस्सा वाढून चमचा काढून घेण्यासारखे आहे. आमच्याकडे गोलरक्षकाला ‘गोली’ म्हणतात. संघ जिंकला की गोल करणाऱ्याला खांद्यावर घेतात, आणि हरला की गोलीला घरापर्यंत बोलणी ऐकवतात. तेव्हापासून या जागेवर उभ्या राहणाऱ्या माणसांविषयी मला कुतूहल आहे. ज्या शहरात आपण आज जमलो आहोत, त्याच शहराच्या क्लबसाठी जवळजवळ दोन दशके खेळलेल्या अशा एका माणसाची कारकीर्द आज तुमच्यापुढे मांडायची आहे.

त्यांचे नाव ओला बी रिसे. यातल्या ‘बी’चा खरा उच्चार ‘ई’ आणि ‘ऊ’ यांच्या मधे कुठेतरी होतो. इथे एवढी वर्षे काढूनही तो मला जमलेला नाही, तेव्हा आपण ‘बी’वर भागवू. जन्म १९६० चा. १९७७ मध्ये ते इथल्या रोसेनबोर्ग क्लबकडे आले, आणि त्याच वर्षी अख्ख्या मोसमात एकच सामना जिंकून रोसेनबोर्ग वरच्या साखळीतून खाली घसरले. पुढच्या वर्षी निल्स आर्ने एगेन प्रशिक्षक म्हणून आले आणि त्यांनी संघ पुन्हा वर आणला. पुढे ज्यांच्या नावाने हे शहर फुटबॉलच्या नकाशावर आले ते हेच एगेन. बी रिसे १९९५ पर्यंत याच एका क्लबकडे राहिले. नॉर्वेतला फुटबॉल त्या काळी बराचसा हौशी होता. बहुतेक खेळाडू दिवसा नोकरी करीत आणि संध्याकाळी सरावाला येत. इथल्या फेब्रुवारीतल्या संध्याकाळी गोठलेल्या मैदानावर अंग झोकून देणे म्हणजे काय, हे तुम्हाला समजावून सांगायची गरज नाही. आपण त्या महिन्यात गाडीची काच खरवडतानासुद्धा कुरकुर करतो.

१९८५ सालच्या १२ ऑक्टोबरला मोसमाचा निर्णायक सामना लेर्केंडालवर लिलेस्त्रोमविरुद्ध झाला. रोसेनबोर्गने तो १-० असा जिंकला आणि विजेतेपद घेतले. त्या दिवशीची प्रेक्षकसंख्या २८,५६९ होती. तो या मैदानाचा आजही विक्रम आहे आणि तो मोडण्याची शक्यता नाही, कारण सगळीकडे खुर्च्या बसवल्यानंतर आता तिथे एवढी माणसे मावतच नाहीत. १-० या निकालातला एक कोण मारतो ते सगळ्यांना आठवते. शून्य कोण राखतो ते गोलीला ठाऊक असते.

म्हणजे आपल्या गावात हा माणूस पहिला होता. मग मी त्यांना राखीव का म्हणतो? देशाच्या संघात त्यांच्यापुढे एरिक थोर्स्टवेट होते. वयाने दोन वर्षांनी लहान, अंगाने धिप्पाड, पुढे लंडनच्या टॉटनहॅमकडे गेलेले. थोर्स्टवेट नॉर्वेकडून ९७ सामने खेळले, बी रिसे २५. इतर जागांवर दुसऱ्या क्रमांकाच्या खेळाडूला काही ना काही वाट असते. बचावपटू डावीकडून उजवीकडे सरकतो, थकलेल्या आघाडीवीराच्या जागी शेवटची वीस मिनिटे ताज्या दमाचा कोणी येतो. गोलरक्षकाची जागा मात्र एकच, आणि तिथला माणूस दमला म्हणून कोणी बदलत नाही. पहिल्याला दुखापत व्हावी किंवा त्याला बाहेर काढले जावे, तेव्हाच दुसऱ्याची पाळी येते. तशी इच्छा मनात येऊ न देता तयारी मात्र रोज पूर्ण ठेवायची, अशी ही नोकरी आहे.

या नोकरीतले प्रत्यक्ष काम बघायचे असेल तर सामन्याच्या पाऊण तास आधी मैदानावर जावे. मी लेर्केंडालला नेहमी लवकर जातो, घरचे त्याला वेड म्हणतात. सगळ्यांत आधी गोलरक्षक बाहेर येतात, सोबत त्यांचे प्रशिक्षक. पहिल्या गोलरक्षकाला सरावासाठी जे फटके लागतात, त्यांतले निम्मे राखीव गोलरक्षक मारतो: छातीवर, मग खाली डावीकडे, मग टप्पा पडून येणारे. हे फटके अडवता येतील इतपतच कठीण असावे लागतात. समोरच्याचा हात गरम व्हावा, पण त्याचा आत्मविश्वास जाऊ नये. ज्या जागेसाठी आपण स्वतः झुरतो, त्या जागेवरच्या माणसाला आज चांगले खेळता यावे म्हणून हा माणूस मोजून मापून चेंडू मारत असतो. शेवटी तो इकडेतिकडे गेलेले चेंडू जाळीच्या पिशवीत गोळा करतो आणि आत जातो. टाळ्या तोवर दुसऱ्या कोणासाठी तरी सुरू झालेल्या असतात.

१९९४ च्या विश्वचषकाला नॉर्वे १९३८ नंतर प्रथमच पात्र ठरले. प्रशिक्षक एगिल ओल्सेन, ज्यांना सगळा देश ड्रिलो म्हणतो. अमेरिकेला गेलेल्या बावीस जणांत तीन गोलरक्षक होते: एक नंबरचा सदरा थोर्स्टवेट यांचा, बारा नंबरचा फ्रोडे ग्रोडोस यांचा आणि तेरा नंबरचा बी रिसे यांचा. वय तेव्हा तेहेतीस. आधीच्याच दोन वर्षांत त्यांना आपला धंदा नव्याने शिकावा लागला होता, कारण १९९२ पासून सहकाऱ्याने पायाने मागे दिलेला चेंडू गोलरक्षकाने हातात घ्यायचा नाही असा नियम आला. ज्यांनी उमेदीची वर्षे हातांवर काढली, त्यांना तिशी ओलांडल्यावर पायांनी खेळायला बसवले. मराठी शाळेत दहावी करून एकदम इंग्रजी माध्यमात बसलेल्यांना ही अवस्था कळेल.

पहिल्या सामन्यात नॉर्वेने मेक्सिकोला १-० हरवले. दुसरा सामना २३ जूनला न्यू यॉर्कजवळच्या जायंट्स स्टेडियमवर इटलीशी. २१ व्या मिनिटाला इटलीचा गोलरक्षक पाल्युका क्षेत्राबाहेर येऊन लेओनहार्डसेनला अडवण्याच्या नादात लाल कार्ड घेऊन बाहेर गेला; विश्वचषकात गोलरक्षकाला असे काढण्याची ही पहिलीच वेळ होती. इटलीच्या प्रशिक्षकांनी राखीव गोलरक्षक लुका मार्केजानी याला आत आणण्यासाठी चक्क रोबेर्तो बाज्जोला बाहेर बोलावले. जगातला त्या वेळचा सर्वांत गाजलेला खेळाडू अविश्वासाने बाकाकडे बघत बाहेर आला आणि ज्याचे नाव कोणी विचारलेही नव्हते तो हातमोजे चढवत आत गेला. दहा जणांच्या इटलीने १-० असा सामना जिंकला. मार्केजानीने एकही गोल होऊ दिला नाही. नॉर्वेच्या गोटात बसलेल्या दोन राखीव गोलरक्षकांनी हे कोणत्या नजरेने पाहिले असेल याचा विचार मी अनेकदा करतो. आपला देश हरतो आहे, आणि आपल्याच जातीचा एक माणूस तिकडे आयुष्यभराची तयारी वसूल करतो आहे.

तिसरा सामना आयर्लंडशी ०-० सुटला. गटातल्या चारही संघांचे चार-चार गुण झाले. गोलफरकही चौघांचा शून्य. मग कोणी जास्त गोल केले ते पाहिले गेले: मेक्सिकोचे तीन, आयर्लंड आणि इटलीचे दोन-दोन, नॉर्वेचा एक. नॉर्वे चौथे आले आणि घरी परतले. या चौघांत सर्वांत कमी गोल खाल्लेला संघही नॉर्वेच होता, तीन सामन्यांत अवघा एक. तेरा नंबरचा सदरा घालून गेलेला माणूस एक मिनिटही न खेळता परत आला.

१९९५ मध्ये ते निवृत्त झाले. त्यानंतरच्याच वर्षी डिसेंबरात रोसेनबोर्गने मिलानला त्यांच्या सान सिरोवर २-१ हरवले, तेव्हा गोलात योर्न यामटफाल उभे होते. इथल्या लोकांना तो दिवस आपल्याकडच्या १९८३ सारखा आठवतो. बी रिसे त्यासाठी एका वर्षाने म्हातारे झाले होते, एवढेच.

गोलरक्षकांतून मुख्य प्रशिक्षक फारसे होत नाहीत. इटलीचे दिनो झोफ हे ठळक उदाहरण. त्यांनी २००० च्या युरोपीय स्पर्धेत संघ अंतिम सामन्यापर्यंत नेला. एरवी गोलरक्षकाचा सराव मैदानाच्या कडेला वेगळा चालतो, त्यामुळे त्याला खेळातले कळत नाही असा एक समज आहे. माझे मत उलटे आहे. नव्वद मिनिटे अख्खे मैदान समोर असणारा तोच एक खेळाडू असतो, आणि राखीव गोलरक्षक तर सामना बाकावरून प्रशिक्षकाच्याच शेजारी बसून बघतो. १९८८ पासून एगेन यांनी इथे जे काही उभे केले, त्याचे सूत्र एका वाक्यात सांगतात: सहकाऱ्याला चेंडू त्याच्या चांगल्या पायावर द्या. बी रिसे यांनी ते सूत्र सर्वांत मागे उभे राहून वर्षानुवर्षे पाहिले होते.

२००३ नंतर रोसेनबोर्गचे प्रशिक्षक ओगे हारेइडे राष्ट्रीय संघाकडे गेले आणि २००४ च्या मोसमासाठी रोसेनबोर्गची सूत्रे बी रिसे यांच्याकडे आली. ती काही सुखाची खुर्ची नव्हती. क्लबने १९९२ पासून सलग बारा विजेतेपदे घेतलेली होती, म्हणजे तेरावे आणले तर त्यात विशेष काही नाही, आणि गमावले तर इतिहासात नाव कायमचे. २६ सामने संपले तेव्हा रोसेनबोर्ग ४८ गुण, ओस्लोचे व्होलेरेंगा ४८ गुण. गोलफरक यांचा अठरा, त्यांचाही अठरा. पुन्हा तोच निकष लागला: जास्त गोल कोणाचे? रोसेनबोर्गचे ५२, व्होलेरेंगाचे ४०. तेरावे विजेतेपद इथेच राहिले.

आता हेच आकडे गोलीच्या बाजूने वाचा. गोलफरक सारखा आणि केलेले गोल बारा जास्त, याचा अर्थ खाल्लेले गोलही बाराच जास्त. रोसेनबोर्गने ३४ खाल्ले होते, व्होलेरेंगाने २२. अमेरिकेत सर्वांत कमी गोल खाऊन ते ज्या नियमाने घरी आले, त्याच नियमाने दहा वर्षांनी, प्रतिस्पर्ध्यापेक्षा बारा गोल जास्त खाल्लेल्या त्यांच्या संघाला चषक दिला. आयुष्यभर गोल अडवलेल्या माणसाच्या प्रशिक्षकपदाच्या वाट्याला असे विजेतेपद यावे, याची मला गंमत वाटते.

क्लबला मात्र तेवढ्याने समाधान नव्हते. चॅम्पियन्स लीगच्या गटात आर्सेनल, पीएसव्ही आणि पानाथिनाइकोस यांच्यासमोर संघाला दोनच गुण मिळाले आणि डिसेंबरात लंडनमध्ये ५-१ असा मार बसला. २००५ च्या मोसमाला पेर-मथियास होग्मो हे नवे मुख्य प्रशिक्षक होते. ते उन्हाळ्यातच पद सोडून गेले, संघ सातवा आला आणि चषक व्होलेरेंगाने नेला. तेरा वर्षांच्या मालिकेतला शेवटचा चषक ज्याने आणला त्याला एकच मोसम मिळाला, हे मला आजही अन्यायाचे वाटते; इथल्या माझ्या शेजाऱ्यांना तसे वाटत नाही, आणि या विषयावर आमचे कॉफीचे बरेच पेले रिकामे झाले आहेत.

२००९ मध्ये ड्रिलो राष्ट्रीय संघाकडे परत आले, तेव्हा त्यांच्या शेजारी सहायक म्हणून बी रिसे होते. पुन्हा दुसरा क्रमांक, पण या वेळी सामन्यात बोलण्याचा अधिकार असलेला. २०१२ च्या युरोपीय स्पर्धेच्या पात्रता गटात नॉर्वे आणि पोर्तुगाल दोघांचे १६ गुण झाले. परस्परांतले सामनेही बरोबरीत: एक यांनी १-० जिंकला, एक त्यांनी १-०. मग एकूण गोलांचा हिशेब निघाला. पोर्तुगालचे २१ आणि खाल्लेले १२, नॉर्वेचे १० आणि खाल्लेले ७. नॉर्वे तिसऱ्या क्रमांकावर राहिले. २०१३ मध्ये ड्रिलो यांना पदावरून जावे लागले आणि त्यांच्या जागी आले ते होग्मोच.

त्या तीन सदऱ्यांतले एक नंबरवाले थोर्स्टवेट पुढे टीव्हीवर फुटबॉलचे विश्लेषण करू लागले. बारा नंबरवाले ग्रोडोस चार वर्षांनी फ्रान्समधल्या विश्वचषकात नॉर्वेचे कर्णधार झाले आणि ब्राझीलला हरवलेल्या संघाच्या गोलात उभे राहिले; पुढे राष्ट्रीय संघाच्या गोलरक्षकांना शिकवण्याचे काम त्यांनीही केले. म्हणजे १९९४ चे दोन्ही राखीव प्रशिक्षक झाले आणि पहिला मात्र बोलण्याच्या धंद्यात गेला.

समितीचा इशारा दिसतो आहे, बाहेर जेवण थंड होते आहे. एक व्यावहारिक सूचना करून थांबतो. पुढच्या रविवारी लेर्केंडालला सामना आहे आणि आपल्यापैकी आठ-दहा जणांची तिकिटे काढायची ठरले आहे. ज्यांना यायचे असेल त्यांनी नाव माझ्याकडे द्यावे. आपण सामन्याच्या तासभर आधी दारात भेटू. मुले सोबत असतील तर त्यांना गोलाच्या मागच्या बाजूला घेऊन बसू, तिथून चेंडूंची ती जाळीची पिशवी नीट दिसते. टोपी आणि हातमोजे मात्र विसरू नका.